मेरियम-वेबस्टरची फुकट डिक्शनरी: ‘स्नॉलिगॉस्टर’ शब्दाला धरून केलेला सविस्तर रिव्ह्यू

मोबाईलवर इंग्रजीची एकच डिक्शनरी ठेवायची तर कुठली ठेवू, असं मला वर्गातली मुलं, त्यांच्या आया, कधी सोसायटीतले शेजारीसुद्धा विचारतात आणि मी सध्या सगळ्यांना मेरियम-वेबस्टरच सांगते. फुकट आहे, वेबसाइट आहे, ॲप आहे, अँड्रॉइड-आयफोन दोन्हीवर चालतं. पण नुसतं ‘छान आहे, घ्या’ म्हणून भागत नाही म्हणून जरा सविस्तर लिहितेय आणि एका शब्दाला धरून लिहितेय, कारण डिक्शनरी किती पाण्यात आहे ते ‘हाऊस’ नाहीतर ‘रन’ शोधून कळत नाही, ते शब्द सगळ्यांकडेच असतात. क्वचित वापरला जाणारा, विक्षिप्त, ऐकल्या ऐकल्या हसू येईल असा शब्द टाकायचा आणि मग बघायचं, की ही डिक्शनरी एक अर्थ फेकून मोकळी होते, की तो शब्द आला कुठून, वापरतं कोण आणि कोणासाठी हेही सांगते. मी घेतलेला शब्द: स्नॉलिगॉस्टर (snollygoster).

हा शब्द आपल्याकडे बऱ्याच लोकांना माहीत झाला तो शशी थरूर यांच्यामुळे. जुलै २०१७ मध्ये बिहारात नितीश कुमार महाआघाडी सोडून भाजपबरोबर गेले, त्या वेळी थरूर यांनी ट्विटरवर हा शब्द टाकला होता. अमेरिकन बोलीतला शब्द, धूर्त आणि तत्त्वशून्य राजकारणी असा अर्थ, पहिला वापर १८४५ आणि सगळ्यात अलीकडचा वापर २६/७/१७, एवढंच लिहिलं, नाव कुणाचंच घेतलं नाही. जानेवारी २०२४ मध्ये बिहारात परत तसंच घडलं तेव्हा त्यांनी तेच जुनं ट्विट पुन्हा वर काढलं. तेव्हापासून हा शब्द भारतातल्या इंग्रजी बातम्यांमध्ये अधूनमधून दिसतो आणि मग मुलं विचारतात, मॅडम, हे काय असतं.

एका दुसऱ्या फुकट इंग्रजी-मराठी ॲपमध्ये (नाव घेत नाही) हा शब्द टाकला तर त्याने तोच शब्द देवनागरीत लिहून परत दिला. म्हणजे अर्थ शून्य. मेरियम-वेबस्टरवर टाकला की लगेच पूर्ण नोंद उघडते, अर्थ, उच्चार, उगम, पहिला वापर कुठल्या सालातला, सगळं एकाच पानावर, आणि हे सगळं पैसे न भरता, लॉगिन न करता. इथूनच फरक सुरू होतो.

आधी उच्चाराचं बोलते. स्पीकरचं चिन्ह दाबलं की बाई किंवा पुरुषाच्या खऱ्या, स्वच्छ आवाजात शब्द ऐकू येतो. उच्चार अमेरिकन आहे, त्यामुळे आपण जिथे ‘ऑ’ म्हणतो तिथे त्यांचं तोंड ‘आ’च्या बाजूला उघडतं, जवळजवळ ‘स्नालिगास्टर’ असं ऐकू येतं, आणि जोर पहिल्या अक्षरावर, ‘स्ना’वर. आपली मुलं बहुतेक वेळा जोर ‘गॉस्टर’वर देतात, त्यामुळे तीन-चार वेळा ऐकवून बोलून घ्यायला हे फार उपयोगी पडतं. मात्र उच्चाराची जी खूण लिहिलेली असते ती आपल्या शाळा-कॉलेजात शिकवतात ती आयपीए (आंतरराष्ट्रीय ध्वनिलिपी) नाही, मेरियम-वेबस्टरची स्वतःची वेगळी पद्धत आहे, ‘ए’वर दोन टिंबं वगैरे. ती समजून घ्यायला थोडा वेळ द्यावा लागतो, स्पर्धापरीक्षेसाठी फोनेटिक्स करणाऱ्यांनी हे आधीच लक्षात ठेवा. आयपीए हवीच असेल तर ह्याच लोकांची ब्रिटानिका डिक्शनरी आहे, तीही फुकट, तिथे व्याख्या सोप्या इंग्रजीत आहेत आणि खुणा आयपीएच्या. ती रोजच्या इंग्रजीसाठी, असले आडवाटेचे शब्द शोधायला नाही.

आता अर्थ. व्याख्या अगदी छोटी, एका ओळीची: धूर्त (श्रूड) पण तत्त्व नसलेला (अनप्रिन्सिपल्ड) माणूस. वाचायला सोपी आहे पण इथे घाई करायची नाही, कारण ह्या व्याख्येत दोन पाय आहेत आणि दोन्ही लागतात. इंग्रजीत ‘श्रूड’ हा शब्द पुष्कळदा कौतुकाने वापरतात, श्रूड बिझनेसमन म्हणजे धंद्याची नस ओळखलेला माणूस, त्यात वाईट काही नाही. आणि ‘अनप्रिन्सिपल्ड’ म्हणजे ज्याला कशाचंच बंधन नाही. नुसता हुशार असेल तर तो स्नॉलिगॉस्टर नाही, आणि नुसता लबाड पण मठ्ठ असेल तरी नाही. पाकीटमार स्नॉलिगॉस्टर नाही. ज्याला नेमकं कळतं की कुठे, कधी, कोणाच्या बाजूने बोललं की आपल्याला पद मिळेल आणि जो तेवढ्यासाठीच बोलतो, तो. माझ्या एका विद्यार्थ्याने वाक्य केलं होतं की ‘द स्नॉलिगॉस्टर स्टोल माय सायकल’, व्याकरण बरोबर, शब्द चुकीच्या माणसाला लावला. मग त्याने स्वतःच बदलून कॉलेजच्या निवडणुकीतल्या एका काल्पनिक उमेदवाराबद्दल केलं, प्रत्येक ग्रुपला वेगळं आश्वासन देणारा, आणि ते इतकं चपखल बसलं की बाकीच्यांना अर्थ परत सांगावाच लागला नाही.

मराठीत जवळचं काय, असं विचारतात म्हणून सांगते. ‘आयाराम-गयाराम’ बरेच जण सुचवतात, पण ते पक्ष बदलण्याबद्दल आहे, १९६७ मध्ये हरियाणाच्या गयालाल यांच्या पक्षबदलांवरून आलेलं. स्नॉलिगॉस्टरने आयुष्यभर एकाच पक्षात राहून सुद्धा स्नॉलिगॉस्टर असायला काही हरकत नाही. ‘बोलबच्चन’मध्ये ती तोंडाची सफाई येते पण धूर्तपणा पूर्ण येत नाही. ‘खुर्चीसाठी काहीही’ हे भावार्थाने सगळ्यात जवळ. त्यामुळे एका शब्दात भाषांतर करायच्या नादाला न लागता मी मुलांना वाक्याने समजावते.

आता उगम, आणि इथे ही डिक्शनरी मला खरंच आवडते. नोंदीत ‘बहुधा’ असं स्पष्ट लिहून सांगितलंय की हा शब्द ‘स्नॅलिगॅस्टर’वरून बिघडून आला असावा. स्नॅलिगॅस्टर म्हणजे लोककथेतला एक काल्पनिक प्राणी जो कोंबड्या आणि लहान मुलं पळवतो! त्याचं मूळ पेनसिल्व्हेनिया जर्मन बोलीत, ‘श्नेल’ म्हणजे झटपट आणि ‘गाइस्टर’ म्हणजे भुतं, म्हणजे ‘झटपट भुतं’. मेरीलँड राज्यात फ्रेडरिक काउंटीच्या आसपास जर्मन लोक येऊन स्थायिक झाले होते, तिथली ही गोष्ट, आणि १९०९ मध्ये तिथल्या स्थानिक वर्तमानपत्राने ह्या अर्ध्या पक्ष्याच्या, अर्ध्या सरपटणाऱ्या प्राण्याच्या ‘बातम्या’ छापून खळबळ उडवून दिली होती. आता अडचण बघा, स्नॅलिगॅस्टरच्या त्या गाजलेल्या बातम्या १९०९ च्या आणि स्नॉलिगॉस्टर शब्द छापलेला सापडतो तो १८४० च्या दशकापासून. लोककथा तोंडी आधीपासून असू शकते, नाही असं नाही, पण कागदावरचा क्रम उलटा आहे. म्हणूनच ते ‘बहुधा’ महत्त्वाचं. इंटरनेटवर शब्दांच्या उगमाच्या नावाखाली वाट्टेल त्या गोष्टी फिरत असतात, फॉरवर्डवर फॉरवर्ड, आणि इथे शंभरी कधीच उलटलेली डिक्शनरी सरळ सांगतेय की खात्री नाही. मुलांना मी ‘बहुधा’ हा एक शब्द मुद्दाम वाचायला लावते.

ह्या शब्दाचा आवाज असा का, हेही थोडं समजून घेण्यासारखं आहे. एकोणिसाव्या शतकातल्या अमेरिकेत असले फुगवलेले, दणदणीत शब्द बनवायची एक लाटच होती. ॲबस्क्वॉच्युलेट म्हणजे गुपचूप पोबारा करणं, डिस्कॉम्बॉब्युलेट म्हणजे गोंधळवून टाकणं, हॉर्नस्वॉगल म्हणजे फसवणं. लॅटिनसारखं भारदस्त वाटावं पण मुळात थट्टा. त्या वेळचे पुढारी झाडाच्या बुंध्यावर उभे राहून भाषणं द्यायचे, तिथूनच ‘स्टंप स्पीच’ हा शब्द आला, आणि ऐकणाऱ्यांना तास-दोन तास धरून ठेवायचं तर असले शब्द हवेतच.

आता ह्या सेवेची मर्यादा कुठे आहे ते. नोंदीत पहिल्या वापराचं साल मिळतं पण त्या सालातलं मूळ वाक्य मिळत नाही, आणि असल्या शब्दाची खरी चव त्या जुन्या वाक्यांमध्येच असते. उदाहरण देते. १८९५ च्या ऑक्टोबरमध्ये कोलंबस डिस्पॅच ह्या वर्तमानपत्रात जॉर्जियातल्या एका संपादकाची व्याख्या छापून आली होती. तिचा सारांश असा की स्नॉलिगॉस्टर म्हणजे ज्याला पक्ष, जाहीरनामा, तत्त्व कशाशीच देणंघेणं नाही, फक्त पद हवंय, आणि तो जिंकतो तेव्हा जिंकतो कशाच्या जोरावर, तर ‘मॉन्युमेंटल टॉकनॉफिकल असमनसी’च्या. हे शेवटचे दोन शब्द कुठेच नाहीत, त्या संपादकाने तिथल्या तिथे बनवले, ‘टॉक’ म्हणजे बडबड आणि ‘अझ्यूम’ म्हणजे गृहीत धरणं हे दोन्ही त्यात ऐकू येतं. प्रचंड बडबड आणि प्रचंड आगाऊपणा ह्यांच्या जोरावर निवडून येणारा माणूस! कुठल्याही डिक्शनरीच्या एका ओळीपेक्षा ह्यातून शब्द जास्त कळतो. त्याच दशकात जॉर्जियाचेच एच. डब्ल्यू. जे. हॅम नावाचे डेमोक्रॅट गृहस्थ ‘राजकारणातला स्नॉलिगॉस्टर’ हे भाषण घेऊन अमेरिकाभर हिंडत होते, हा शब्द जणू त्यांच्या मालकीचा झाला होता. पदाच्या मागे लागलेला, लोकांना चिथावणारा पुढारी, असा अर्थ ते सांगायचे.

आणि मग माझं सगळ्यात आवडतं उदाहरण, हॅरी ट्रूमन. सप्टेंबर १९५२, ट्रूमन राष्ट्राध्यक्ष, स्वतः उभे नव्हते पण पक्षाचे उमेदवार ॲडलाय स्टीव्हन्सन ह्यांच्यासाठी रेल्वेने फिरून प्रचार करत होते, गाडी थांबली की मागच्या डब्याच्या कठड्यापाशी उभं राहून बोलायचं. वेस्ट व्हर्जिनियातल्या पार्कर्सबर्गला ते मतांसाठी चारचौघांत प्रार्थना करणाऱ्या पुढाऱ्यांवर घसरले. माझे आजोबा सांगायचे, ट्रूमन म्हणाले, की कोणी लोकांसमोर फार मोठ्याने प्रार्थना करायला लागला की आपण घरी जावं आणि स्मोकहाऊसला कुलूप घालावं. स्मोकहाऊस म्हणजे शेतकऱ्याच्या घराजवळची मांस धुरावून ठेवायची खोली, हिवाळ्याची सगळी बेगमी तिथे. आपल्याकडचं ‘मुखी राम, बगलेत सुरी’ आठवेल. आणि मग ट्रूमन म्हणाले, ह्या स्नॉलिगॉस्टर मंडळींनी बायबलचा नवा करार वाचावा आणि तसं वागावं. इथे शब्द कसा वापरलाय बघा, अनेकवचनी, मोघम, कोणा एकाचं नाव नाही, ऐकणाऱ्याने ओळखायचं. थरूर यांनी पण नेमकं तेच केलं, नाव घेतलंच नाही. हा शब्द असाच वापरायचा असतो, बोट न दाखवता.

गंमत म्हणजे ट्रूमन यांनी ह्या शब्दाचा अर्थ ‘लग्नाशिवाय जन्मलेला माणूस’ असा सांगितला होता, जो बरोबर नव्हता, आणि लोकांनी ते लगेच दाखवूनही दिलं. राष्ट्राध्यक्षाने सांगितलं म्हणून शब्दाचा अर्थ बदलला नाही, कारण बाकी कोणी तो तसा वापरलाच नाही. मेरियम-वेबस्टरचं सगळं काम ह्याच तत्त्वावर चालतं, आणि ह्या शब्दाच्या बाबतीत ते फारच स्पष्ट दिसतं. त्यांच्या कॉलेजिएट डिक्शनरीची अकरावी आवृत्ती २००३ मध्ये आली तेव्हा स्नॉलिगॉस्टर काढून टाकला होता! कारण सरळ, छापील साहित्यात तो फारसा दिसेनासा झाला होता आणि छापील पुस्तकात नव्या शब्दांना जागा द्यायची तर जुने काही जाणार. पुढे फॉक्स न्यूजवर बिल ओ’रायली आपल्या कार्यक्रमात हा शब्द वारंवार वापरायला लागले, इतर ठिकाणीही तो परत दिसायला लागला आणि २०१७ च्या फेब्रुवारीत हजारभर नव्या नोंदींबरोबर मेरियम-वेबस्टरने तो परत घेतला. त्यानंतर पाचच महिन्यांनी थरूर यांचं ट्विट. म्हणजे मसाच्युसेट्समधल्या स्प्रिंगफील्डच्या ऑफिसात बसलेले संपादक शब्दाला चांगला-वाईट ठरवत नाहीत, पुस्तकं-मासिकं-वर्तमानपत्रं वाचून लोक काय वापरतात त्याच्या नोंदी ठेवतात, पूर्वी कागदी कार्डांवर, आता कॉम्प्युटरवर. १९६१ मध्ये ह्यांची थर्ड न्यू इंटरनॅशनल ही मोठी डिक्शनरी आली तेव्हा ‘एन्ट’ (ain’t) असल्या बोलीतल्या शब्दाला पुरेसं झापलं नाही म्हणून अमेरिकेतली मोठमोठी वर्तमानपत्रं त्यांच्यावर तुटून पडली होती. तरी ते बधले नाहीत. मला हे पटतं, आणि मराठीत शुद्ध-अशुद्धवरून जी भांडणं होतात ती बघता तर जास्तच पटतं.

ती जुनी वाक्यं तारखेसकट हवी असतील तर ऑक्सफर्ड इंग्लिश डिक्शनरीला तोड नाही. १९२८ मध्ये पूर्ण झालेली, दुसरी आवृत्ती १९८९ मध्ये वीस खंडांची. पण तिचं ऑनलाइन सदस्यत्व विकत घ्यावं लागतं आणि एकट्यादुकट्या विद्यार्थ्याला ते परवडणारं नाही, तुमच्या युनिव्हर्सिटीच्या लायब्ररीत असेल तर तिथे बसून जरूर बघा. फुकटात हवं तर मायकल क्विनियन यांची वर्ल्ड वाइड वर्ड्स ही साइट, त्यात असल्या विक्षिप्त शब्दांवर एकेक छोटा लेख आहे, प्रेमाने लिहिलेला.

परत मेरियम-वेबस्टरकडे. फुकट असल्यामुळे जाहिराती आहेत, वेबसाइटवर जास्त, आणि मधोमध येतात, त्या नको असतील तर ॲपची पैसे भरून बिनजाहिरातीची आवृत्ती आहे. माझ्या मते विद्यार्थ्याने पैसे भरायची काही गरज नाही. काही नोंदींखाली ‘वेबवरची अलीकडची उदाहरणं’ असा भाग येतो, ती वाक्यं आपोआप गोळा केलेली असतात हे त्यांनी तिथेच लिहिलंय, त्यामुळे ती वाक्यं डोळे झाकून वहीत उतरवू नका. वर्ड ऑफ द डे मात्र लावाच, रोज एक शब्द, ऑडिओसकट. क्वॉर्डल वगैरे खेळ आहेत, मला त्यात रस नाही, आवडणाऱ्यांना आवडतात. ‘टाइम ट्रॅव्हलर’ नावाचं एक पान आहे, तिथे साल निवडलं की त्या साली पहिल्यांदा छापलेले आढळलेले शब्द दिसतात, मुलांना त्यांच्या जन्मसालाचे शब्द शोधायला लावले तर तास कधी संपतो कळत नाही.

मराठी माध्यमातून आलेल्यांसाठी एक अडचण खरी आहे, अर्थ इंग्रजीतच. ‘अनप्रिन्सिपल्ड’च माहीत नसेल तर स्नॉलिगॉस्टर कळणार कसा? मग व्याख्येतला तो शब्द परत शोधायचा, तिथून पुढचा. पहिले काही आठवडे कंटाळा येतो. पण धीर धरला तर एका शब्दामागे तीन शब्द पदरात पडतात, आणि मराठी अर्थ पाठ करण्यापेक्षा हे जास्त टिकतं असा माझा अनुभव आहे.

शब्द वापरायचा असेल तर एवढं पाळा. स्नॉलिगॉस्टर हे मोजता येणारं नाम, अनेकवचनाला नुसता ‘एस’. वादविवाद स्पर्धेत, लेखात, व्यंगात छान वाटतो. आयईएल्टीएसच्या निबंधात, कोर्टाच्या कागदात, नोकरीच्या अर्जात अजिबात नको, तिथे साधं ‘अपॉर्च्युनिस्ट’ लिहा. आणि खऱ्या माणसाचं नाव घेऊन सोशल मीडियावर लावायच्या आधी दहादा विचार करा, शब्द गमतीशीर वाटला तरी आरोप गंभीर आहे.

पाचपैकी साडेचार स्टार. अर्धा कापला तो उच्चाराच्या त्या खुणांसाठी आणि पहिल्या वापराचं वाक्य देत नाहीत म्हणून. ॲप एकदा डाउनलोड केलं की शब्दांचे अर्थ नेट नसतानाही दिसतात, उच्चाराचा आवाज, बोलून शोधायची सोय अशा गोष्टींना नेट लागतं, त्यामुळे गावाकडे रेंज नसलेल्या ठिकाणी राहणाऱ्या मुलांनी वायफाय मिळेल तिथे आधीच घेऊन ठेवा.